खांदेमळण

फळीवरून पाय घसरला. पोतं एकीकडं गेलं
आणि खांदा दुसरीकडं.
रात्री साडेनऊला सांगलीच्या मार्केट यार्डातून
रिक्षानं आला आप्पासो वाघमोडे, वय एक्केचाळीस,
डाव्या हातानं उजवा हात असा धरून,
की जणू दुसऱ्या कुणाचं मूल
घटकाभर सांभाळायला दिलंय.

अंगभर हळद. पापण्यांवरसुद्धा.
शर्ट कापला तर कात्रीही पिवळी झाली.
खांद्याची गोलाई गेलेली,
तिथं टेबलाला असतो तसा कोपरा,
आणि त्याखाली खळगा,
माझा अंगठा मावेल एवढा.

मी इंटर्न. अकरा दिवसांची.
वाचलेलं सगळं एकदम आठवलं:
काखेत टाच रोवून हात ओढायचा,
छातीला चादर घालून दोघांनी दोन दिशांना.
म्हणाले, चार माणसं बोलवा.

प्लास्टररूमचे नदाफमामा कापूस गुंडाळत होते.
त्यांचे वडील गावोगाव गाद्या पिंजत हिंडायचे,
मामांची बोटं अजून त्याच सवयीची.
"मॅडम, रस्सीखेच कशाला?
ह्यो गडी दिवसाला दोनशे पोती हलवतोय.
ओढाओढीत तुमी जिकणार व्हय?"

सरांना फोन लावला.
सर झोपेतच म्हणाले, फोटोत हाड शाबूत असेल
तर मामा म्हणतात तसं कर.

शाबूत होतं.
दंडाच्या बाहेरच्या अंगाला बोट फिरवलं,
कळतंय का? कळतंय.
मनगटाची नाडी लागत होती.
दुखण्याचं इंजेक्शन दिलं, पालथं झोपवलं,
हात टेबलाच्या कडेवरून खाली सोडला.
मनगटाला पट्टी, पट्टीला पिशवी,
पिशवीत सलाइनच्या अर्ध्या लिटरच्या आठ बाटल्या.
चार किलो.
तो उशीत तोंड खुपसून म्हणाला,
"एवढंच?"

पुस्तकात एक ओळ होती: वीस मिनिटे थांबा.
ती वीस मिनिटं कुठं ठेवायची, ते नव्हतं.
मी घड्याळाकडं बघितलं, ते सात मिनिटं पुढं.
मानेपासून दंडापर्यंत नुसता दगड.

"पावनं, गाव कुठलं?"
"आटपाडीकडलं."
"बैलं हुती?"
"हुती की. बा हुता तवर."

मामा स्टूल ओढून बसले.
त्यांची बोटं मानेवरून खांद्यावर, खांद्यावरून दंडावर,
कुठं पोचायची घाई नसल्यासारखी.

"बेंदराच्या आदल्या सांजंला खांदं मळायचं.
लोणी, हळद, कोमट पाणी.
जू घासून घासून कातडं निब्बर झालेलं.
पयला हात लावला की अंग चोरायचं जनावर.
जोर न्हाई लावायचा. नुसता हात ठिवायचा.
मग आपसूक मान खाली घालतंय."

हात बोटभर लांब झाला होता.
मला वाटलं, मलाच तसं वाटतंय.

"आन् मग बा कानात सांगायचा,
आज आवतण घ्या,
उद्या जेवाया..."

आवाज असा नव्हता.
आतून कडी लागावी तसं काहीतरी,
माझ्या तळव्याला ऐकू आलं.
वाक्य तिथंच राहिलं.
कोपरा गेला, खांदा आला.

पुन्हा बोट फिरवलं. कळतंय? कळतंय.
पुन्हा फोटो. मग झोळी, तीन आठवडे.

"तीन हप्तं?
सौदं चालू हाईत, मॅडम."
तो हिशोब करू लागला उजव्या बोटांवर,
मग आठवलं म्हणून डाव्या.
"बैलाला एकच दिस सुट्टी असायची," म्हणाला.
हसला का, ते कळलं नाही.

मी कागदावर लिहिलं: वजन उचलू नये.
खाली सही केली.
लिहायला फार सोपं वाक्य आहे ते.

सकाळी स्टोअरच्या सिस्टर विचारत होत्या,
ह्या आठ बाटल्या
पिवळ्या कुणी केल्या?